गजराविना जाग : पंडिता रमाबाई

गजराचे घड्याळ ही वस्तू इतकी साधी आहे की तिच्याविषयी विचार करावा असे सहसा कोणाला वाटत नाही. पूर्वी रात्री किल्ली देऊन काटा लावायचा आणि पहाटे घंटा झाली की उठायचे, अशी रीत होती. आता किल्लीचे घड्याळ जाऊन उशाशी मोबाईल आला. पण रीत तीच राहिली. ह्या रीतीत एक गोष्ट मुकाट्याने गृहीत धरलेली असते. ती ही की, झोपणाऱ्याला ऐकू येते. ज्याला ऐकूच येत नाही, किंवा ज्याची झोप इतकी गाढ आहे की घंटा त्याच्या स्वप्नातच वाजून संपते, त्याने काय करावे?

आमच्या सिल्वासात हा प्रश्न केवळ विद्यार्थ्यांच्या आळसाचा नाही. येथील जीवन कारखान्यांच्या पाळ्यांवर चालते. पहिल्या पाळीला जाणारी माणसे उजाडण्यापूर्वी उठतात. आमच्या शेजारी राहणारे एक काका कित्येक वर्षे सुताच्या यंत्रांवर काम करीत आले आहेत. त्या आवाजात राहून त्यांचे कान मंद झाले. गजर काकांच्या उशाशी वाजतो आणि जाग मात्र सगळ्या घराला येते! शेवटी काकू उठतात आणि त्यांचा खांदा हलवतात, तेव्हा काकांचा दिवस सुरू होतो. काकू माहेरी गेल्या की काकांची पाळी चुकलीच म्हणून समजावे.

ह्यामागे शास्त्र आहे. यंत्रांच्या आवाजाने किंवा वयोमानाने कान जातात तेव्हा प्रथम बारीक, उंच सूर ऐकू येईनासे होतात. जाड सूर त्या मानाने टिकतात. नेहमीच्या इलेक्ट्रॉनिक घड्याळाचा आवाज नेमका बारीक असतो. म्हणजे जो सूर आधी हरवला, त्याच सुरात आपण त्या माणसाला हाक मारीत असतो. ऑस्ट्रेलियात मेलबर्नच्या व्हिक्टोरिया विद्यापीठात ह्या शतकाच्या पहिल्या दशकात झोपलेल्या माणसांना जागे करणाऱ्या धोक्याच्या घंटांवर प्रयोग झाले. कमी ऐकू येणाऱ्यांना ५२० हर्ट्झचा जाडसर सूर नेहमीच्या बारीक सुरापेक्षा पुष्कळ चांगला उठवतो, असे त्यांत आढळले. अंथरुणाखाली थरथरणारी तबकडी ठेवली तर बहुतेक जण उठतात, हेही दिसले. नुसत्या दिव्याच्या उघडझापीने मात्र पुष्कळांची झोप मोडत नाही. म्हणून कर्णबधिरांसाठी जी घड्याळे मिळतात त्यांना वायरीने एक लहानशी तबकडी जोडलेली असते. ती उशीखाली किंवा गादीखाली ठेवायची. वेळ झाली की ती थरथरू लागते. एवढा खटाटोप करून यंत्र शेवटी काय करते, तर काकू जे करतात तेच करते. ते माणसाला हलवून उठवते.

ह्यावरून एक गोष्ट ध्यानात येते. गजर ऐकू आला नाही तर आपण दोष कानाला देतो. पण स्पर्शाने तोच माणूस ताडकन उठतो, मग दोष कानाचा की गजराचा? दार एकाच किल्लीने उघडते असे ठरवून टाकले, तर ज्याच्याकडे ती किल्ली नाही तो कायमचा बाहेर राहील. दुसरी किल्ली करून पाहण्याचे कष्ट कोणी घेतले पाहिजेत. हा विचार मनात घोळत असता मला ज्या थोर स्त्रीचे चरित्र आठवले, तिच्यावर आपल्या अंकाच्या मराठी विभागाला आणि कन्नड विभागालाही सारखाच हक्क सांगता येईल. त्या म्हणजे पंडिता रमाबाई. शाळेच्या पुस्तकात आपण त्यांचे नाव विधवांच्या कैवारी म्हणून वाचतो. त्यांना कमी ऐकू येत असे, आणि त्यामुळे त्यांच्या आयुष्याची दिशाच बदलली, हे मात्र फारसे कोणी सांगत नाही.

रमाबाईंचा जन्म २३ एप्रिल १८५८ रोजी सह्याद्रीतील गंगामूळच्या अरण्यात झाला. हा भाग आज कर्नाटकात आहे. त्यांचे वडील अनंतशास्त्री डोंगरे हे चित्पावन ब्राह्मण. घराणे कारकळजवळच्या माळ ह्या गावचे. तरुणपणी ते पुण्यास संस्कृत शिकण्यासाठी गेले होते. त्यांचे गुरू रामचंद्रशास्त्री हे दुसऱ्या बाजीराव पेशव्यांच्या पत्नीस संस्कृत शिकवीत असत. बाईमाणसाच्या तोंडून शुद्ध संस्कृत ऐकून अनंतशास्त्री थक्क झाले आणि आपल्या घरातही हे व्हावे असा त्यांनी निश्चय केला. पहिल्या पत्नीच्या वेळी घरच्या वडीलधाऱ्यांनी तो सिद्धीस जाऊ दिला नाही. पुढे दुसऱ्या पत्नी लक्ष्मीबाई यांना त्यांनी खरोखरच संस्कृत शिकवले. त्यामुळे गावात गहजब झाला. उडुपीच्या धर्मपंडितांपुढे त्यांना जाब द्यावा लागला. स्त्रियांनी संस्कृत शिकण्यास शास्त्राची आडकाठी नाही, हे त्यांनी ग्रंथांतील आधार दाखवून तेथे मांडले. तथापि जनापवादाला कंटाळून अखेर ते पत्नीला घेऊन गंगामूळच्या रानात राहायला गेले.

रमाबाई सहा महिन्यांच्या असताना ह्या कुटुंबाने तेही घर सोडले आणि तीर्थयात्रेला प्रारंभ केला. तान्ह्या रमेला वेताच्या पेटाऱ्यात ठेवून माणसाच्या डोक्यावरून नेले. तेव्हापासून गावोगाव पुराणे सांगत फिरणे हेच त्या कुटुंबाचे जीवन झाले. मुलगी आठ वर्षांची झाली तेव्हा वडील वृद्ध झाले होते, त्यामुळे तिला शिकवण्याचे काम आईकडे आले. आईला दिवसभर संसाराचे कष्ट. शिकवायला वेळ कुठला? लक्ष्मीबाईंनी तो पहाटे काढला. पाखरेही जागी होण्यापूर्वी त्या लेकीला उठवीत. लहान मुलांची झोप मोठ्या माणसांच्या झोपेहून गाढ असते. झोपेने पेंगणाऱ्या मुलीला आई जवळ घेई, लाडीगोडीने तिचे डोळे उघडवी, आणि मग श्लोकामागून श्लोक म्हणवून घेई. उजाडले की आई कामाला लागे. हाच क्रम वर्षानुवर्षे चालला.

आपल्या देशात त्या काळी घटिकापात्रे होती, देवळात घंटा होत्या, चौघडे होते. युरोपात हव्या त्या वेळेला लावता येईल अशा गजराच्या घड्याळाचे पेटंट आंत्वान रेदिये ह्या फ्रेंच घड्याळजीने १८४७ मध्ये घेतले होते. लक्ष्मीबाईंजवळ ह्यांतले काही नव्हते. आईचा हात हाच रमाबाईंचा पहिला गजर. त्या हाताने उठवलेल्या मुलीला पंधरा-सोळाव्या वर्षापर्यंत अमरकोश, भागवत आणि हजारो श्लोक मुखोद्गत झाले होते. मुलींना अक्षर येणेही जेथे अशुभ मानीत, तेथे पहाटेचे दोन-तीन तास केवढी कमाई करून गेले! आम्ही वाणिज्य शाखेचे विद्यार्थी चक्रवाढ व्याजाची उदाहरणे सोडवतो. चक्रवाढीचे ह्याहून चांगले उदाहरण मला तरी ठाऊक नाही.

१८७४ पासून दक्षिणेत दुष्काळ पडू लागला. साठवलेला पैसा संपला. जुलै १८७४ मध्ये वडील गेले, त्यांच्यामागून थोड्याच दिवसांत आई गेली, आणि पुढे थोरली बहीण कृष्णाबाईही गेली. उरली रमा आणि तिचा भाऊ श्रीनिवास. ही दोन भावंडे पायी हिंडत हिंडत १८७८ मध्ये कलकत्त्यास पोचली. वीस वर्षांची ही मुलगी संस्कृतात व्याख्यान देते, हे पाहून तेथील विद्वान चकित झाले. त्यांनी तिला पंडिता आणि सरस्वती ह्या पदव्या दिल्या. १८८० मध्ये भाऊही वारला. त्याच वर्षी रमाबाईंनी बिपिनबिहारी मेधावी ह्या बंगाली वकिलाशी नोंदणी पद्धतीने विवाह केला. जात वेगळी, भाषा वेगळी, प्रांत वेगळा. १८८१ च्या एप्रिलमध्ये मुलगी झाली, तिचे नाव मनोरमा. १८८२ च्या फेब्रुवारीत पती पटकीने गेले. चोविसावे वर्ष पुरे होण्याआधीच रमाबाईंच्या वाट्याला अनाथपण आणि वैधव्य दोन्ही आले होते.

त्या मुलीला घेऊन पुण्यास आल्या. तेथे न्यायमूर्ती रानडे आदी सुधारकांनी त्यांचे स्वागत केले. १८८२ मध्ये त्यांनी आर्य महिला समाज स्थापन केला आणि ‘स्त्री धर्मनीती’ हे पुस्तक लिहिले. त्याच वर्षी सरकारने नेमलेल्या हंटर शिक्षण आयोगापुढे त्यांची साक्ष झाली. मुलींच्या शाळांना शिक्षिका पाहिजेत, तद्वतच बायकांना स्त्री डॉक्टर पाहिजेत, असा आग्रह त्यांनी तेथे धरला. पुरुष डॉक्टरपुढे दुखणे सांगण्याची लाज वाटून कितीतरी बायका उपचारावाचून मरत होत्या. दुसऱ्यांनी डॉक्टर व्हावे असे सांगून त्या थांबल्या नाहीत. आपणच वैद्यकी शिकावी असे त्यांनी ठरवले आणि १८८३ मध्ये मनोरमेला घेऊन इंग्लंडचे जहाज गाठले. तेथे वाँटेज येथील सेंट मेरीच्या भगिनींच्या मठात त्या राहिल्या. त्याच वर्षी २९ सप्टेंबर रोजी त्यांनी ख्रिस्ती धर्माची दीक्षा घेतली. ह्या निर्णयाने महाराष्ट्रात मोठे वादळ उठले, आणि त्याचे पडसाद त्यांच्या हयातभर उमटत राहिले.

ज्या कामासाठी त्या समुद्र ओलांडून गेल्या होत्या, ते काम मात्र सुरू होण्यापूर्वीच थांबले. त्यांना ऐकू कमी येऊ लागले होते, आणि ते वाढत चालले होते. ऐकू न येणाऱ्या व्यक्तीला वैद्यकीचे शिक्षण घेता येणार नाही, असे ठरले. डॉक्टरची निम्मी विद्या त्या काळी कानांत होती. छातीला नळी लावून हृदयाचे ठोके आणि फुप्फुसांचा आवाज ऐकायचा, व्याख्यान ऐकून टिपून घ्यायचे. ज्या बाईने अमरकोश आईच्या तोंडून ऐकून पाठ केला, तिलाच आता ऐकता येत नाही म्हणून परत फिरावे लागले. तिची बुद्धी कोणी तपासली नाही. तपासण्याची गरजच कोणास वाटली नाही. कारण दाराला एकच किल्ली होती.

ऐकू कमी येणे म्हणजे बुद्धी कमी असणे नव्हे, हे त्याच काळात अमेरिकेत एक गृहस्थ जगाला दाखवीत होता. थॉमस एडिसनला लहानपणापासून फार कमी ऐकू येई. सोळा-सतरा वर्षांचा असताना तो कॅनडात स्ट्रॅटफर्ड जंक्शन येथे रेल्वेच्या तारघरात रात्रपाळीला होता. तारवाला जागा आहे हे कळावे म्हणून त्याने दर तासाला एक ठरावीक खूण तारेने पाठवायची असा नियम होता. एडिसनने घड्याळाला एक खाचांचे चाक जोडले. ते तासातासाला आपोआप खूण पाठवी आणि एडिसन स्वस्थ झोपे! ही लबाडी पुढे उघडकीस आली, हे सांगायला नकोच. झोपणाऱ्याला उठवणारी घड्याळे पुष्कळ झाली. झोपू देणारे घड्याळ बहुधा हे एकच असावे. विनोदाचा भाग सोडला तरी तारयंत्राचा कट्ट कट्ट आवाज त्याला स्वच्छ कळत असे, कारण ते यंत्र त्याच्या कानाला जमणारे होते. ज्या कामाचे साधन माणसाला जमते, त्या कामात तो बहिरा राहत नाही. रमाबाईंना तसे साधन मिळाले नाही.

मग त्यांनी काय केले? १८८४ मध्ये त्या चेल्टनहॅमच्या लेडीज कॉलेजात गेल्या. तेथे त्या संस्कृत शिकवीत आणि स्वतः गणित, शास्त्र, इंग्रजी शिकत. १८८६ च्या आरंभी त्यांना अमेरिकेहून बोलावणे आले. त्यांच्या नात्यातल्या आनंदीबाई जोशी फिलाडेल्फियाच्या स्त्रियांच्या वैद्यकीय महाविद्यालयातून पदवीधर होत होत्या. ११ मार्च १८८६ च्या त्या समारंभाला रमाबाई हजर राहिल्या. हा प्रसंग आपण आनंदीबाईंच्या बाजूने अनेकदा वाचला आहे. क्षणभर तो रमाबाईंच्या बाजूने पाहावा. जे दार कानांमुळे आपल्याला बंद झाले, त्यातून आपल्याच घरातली, आपल्याहून सात वर्षांनी लहान मुलगी आत गेली आणि डॉक्टर होऊन बाहेर आली. त्या कौतुक करायला एवढा महासागर ओलांडून गेल्या. मत्सराला जागा असती तर त्या इंग्लंडातच राहिल्या असत्या.

परंतु नियतीने तेही सुख फार दिवस ठेवले नाही. आनंदीबाई क्षयाने आजारी होऊन परतल्या आणि २६ फेब्रुवारी १८८७ रोजी पुण्यात वारल्या. त्यांना बाविसावे वर्षही पुरे झाले नव्हते. त्याच वर्षी रमाबाईंचे ‘द हाय-कास्ट हिंदू वुमन’ हे इंग्रजी पुस्तक अमेरिकेत प्रसिद्ध झाले. आनंदीबाईंच्या महाविद्यालयाच्या प्रमुख रेचल बॉडली यांनी त्याला प्रस्तावना लिहिली. बालविधवांसाठी शाळा काढण्यास रमाबाईंनी अमेरिकेच्या गावोगाव व्याख्याने दिली. १८८७ च्या डिसेंबरात बोस्टनमध्ये रमाबाई असोसिएशन स्थापन झाले आणि त्या संस्थेने दहा वर्षे खर्च चालवण्याचे मान्य केले. कानाने साथ सोडलेल्या बाईने केवळ वाणी आणि लेखणी ह्यांच्या बळावर परदेशात भांडवल उभे केले, ही गोष्ट आम्हा वाणिज्याच्या विद्यार्थ्यांनी विशेष लक्षात ठेवण्यासारखी आहे.

अमेरिकेत त्यांनी आणखी एक गोष्ट शिकून घेतली. ती म्हणजे फ्रोबेलची बालोद्यान पद्धत. तीत मूल नुसते ऐकून पाठ करीत नाही; ते हाताने वस्तू धरते, रचते, मोडते, पुन्हा रचते. आईच्या मांडीवर ऐकून शिकलेल्या रमाबाईंना हाताने शिकण्याचे मोल कळले, ह्यात नवल नाही.

१८८९ मध्ये त्या हिंदुस्थानात परतल्या आणि ११ मार्च रोजी मुंबईत चौपाटीजवळ त्यांनी शारदा सदन सुरू केले. आनंदीबाईंच्या पदवीदानाला त्या दिवशी बरोबर तीन वर्षे झाली होती. सदनातील पहिली विधवा विद्यार्थिनी गोदूबाई. पुढे १८९३ मध्ये धोंडो केशव कर्वे यांच्याशी पुनर्विवाह करून त्या आनंदीबाई कर्वे झाल्या. १८९० मध्ये सदन पुण्यास आले. सदनातील काही मुलींचा ओढा ख्रिस्ती धर्माकडे आहे, ह्यावरून १८९३ मध्ये वाद पेटला. रानडे, भांडारकर यांच्यासारखे सल्लागार बाजूला झाले, ‘केसरी’तून कडक टीका झाली, अनेक पालकांनी मुली काढून नेल्या. ह्या वादात कोणाचे किती चुकले हे इतिहासाच्या प्राध्यापकांनी सांगावे. सदन मात्र बंद पडले नाही.

१८९६-९७ च्या दुष्काळात रमाबाई मध्य प्रांतात गेल्या आणि अन्नान्न करीत फिरणाऱ्या मुलींना बरोबर घेऊन आल्या. दुष्काळ म्हणजे काय हे त्यांना पुस्तकातून कळायचे नव्हते. आई, वडील आणि बहीण त्यांनी त्यातच गमावली होती. पुण्याजवळ केडगाव येथे घेतलेल्या जमिनीवर ह्या मुलींसाठी मुक्ती सदन उभे राहिले. १९०० च्या दुष्काळात आपल्या शेजारच्या गुजरातेतूनही पुष्कळ मुली आणल्या गेल्या, आणि केडगावची वस्ती दोन हजारांच्या घरात गेली. इतक्या जणींना रोज दोन वेळ जेवू घालायचे म्हणजे काय हिशेब असेल, ह्याची कल्पना करून पाहावी. रमाबाईंनी ती वस्ती केवळ देणग्यांवर ठेवली नाही. तेथे शेती होती, दुभती जनावरे होती, विणकाम होते, तेलाचा घाणा होता, छापखाना होता. छापखान्यात खिळे जुळवण्यापासून बांधणीपर्यंतची कामे बायकाच करीत.

केडगावला आलेल्यांत काही अंध मुली आणि बायका होत्या. त्यांच्यासाठी एक वेगळे सदन काढले. अमेरिकेत शिकून आलेल्या मनोरमाबाईंनी त्यांना ब्रेल शिकवण्याचे काम हाती घेतले. कागदावर उठवलेले ठिपके, आणि त्यांवरून फिरणारी बोटे. डोळ्यांनी नाकारलेले पुस्तक बोटांनी उघडले. ज्या बाईला कान नाहीत म्हणून विद्येच्या दारातून परत पाठवले होते, तिने डोळे नाहीत म्हणून कोणा मुलीला आपल्या दारातून परत पाठवले नाही. तिने त्या दारासाठी दुसरी किल्ली करून घेतली. माझ्या मते रमाबाईंच्या साऱ्या चरित्रात ह्याहून मोठे असे काही नाही. धर्म, वाद, पदव्या हे सर्व ह्याच्यापुढे लहान वाटते.

कर्नाटकाशी त्यांचे नाते शेवटपर्यंत तुटले नाही. १९१२ च्या सुमारास त्यांनी गुलबर्ग्याला, म्हणजे आजच्या कलबुर्गीला, शाळा काढली आणि मनोरमाबाई तिच्या प्रमुख झाल्या. गंगामूळच्या रानातून डोक्यावरच्या पेटाऱ्यात बसून निघालेली मुलगी अशी विद्या घेऊन कन्नड मुलखात परत आली.

उतारवयात रमाबाईंनी सबंध बायबलचे मराठी भाषांतर करण्याचे काम अंगावर घेतले. त्यासाठी त्या हिब्रू आणि ग्रीक शिकल्या. साध्या बायकांना समजेल अशी मराठी लिहावयाची, हा त्यांचा हेतू होता. कान मंद झाले होते, पण ग्रंथाला कानांची गरज नव्हती. १९१९ मध्ये सरकारने त्यांना कैसर-ए-हिंद पदक दिले. जुलै १९२१ मध्ये मनोरमाबाई वारल्या. चाळीस वर्षे सावलीसारखी बरोबर असलेली लेक गेली, तरी त्यांनी भाषांतराचे काम सोडले नाही. ते हातावेगळे करून ५ एप्रिल १९२२ रोजी त्यांनी केडगावातच देह ठेवला. चौसष्ट वर्षे पुरी होण्यास काही दिवस उरले होते. भारत सरकारने १९८९ मध्ये त्यांचे टपाल तिकीट काढले. केडगावचे मुक्ती मिशन आजही चालू आहे.

आता पुन्हा गजराकडे वळू. रमाबाईंना इंग्लंडात जे उत्तर मिळाले, ते त्यानंतर अनेक पिढ्यांनी ऐकले. आज आवाज मोठा करून देणारे आणि हृदयाच्या ठोक्यांची रेषा पडद्यावर दाखवणारे स्टेथोस्कोप मिळतात. ऐकू न येणारे डॉक्टर परदेशांत काम करीत आहेत. आपल्याकडे २०१६ मध्ये दिव्यांग व्यक्तींच्या हक्कांचा कायदा झाला. ऑक्टोबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला की, अपंगत्वाची टक्केवारी अमुक आहे एवढ्यावरून वैद्यकीय प्रवेश नाकारता येणार नाही; तो विद्यार्थी तो अभ्यासक्रम करू शकतो की नाही, हे तज्ज्ञांनी प्रत्यक्ष पाहिले पाहिजे. म्हणजे रमाबाई दारातून परत फिरल्याला १४० वर्षे उलटून गेल्यावर, आधी तपासा आणि मग बोला, हे तत्त्व मान्य झाले. त्या वेळी कोणी तपासले असते तर? तर कदाचित हिंदुस्थानला आणखी एक स्त्री डॉक्टर मिळाली असती, आणि कदाचित मुक्ती सदन झाले नसते. असा हिशेब मांडून उपयोग नाही, हे मला कळते. एका बंद दारातून पुढे चांगले काही निघाले, म्हणून ते दार बंद करणे योग्य ठरत नाही. रमाबाई खचल्या नाहीत, हा त्यांचा मोठेपणा. त्याचे श्रेय दार लावणाऱ्यांना देऊ नये.

शेजारच्या काकांच्या लेकीने गेल्या दिवाळीत त्यांच्यासाठी थरथरणाऱ्या तबकडीचे घड्याळ आणले. ते पुढील सुट्टीपर्यंत टिकेल की नाही अशी काकूंना शंका आहे, पण तूर्त त्या निर्धास्त माहेरी जाऊन आल्या. इतके साधे काम, आणि एका माणसाची रोजी त्यावर अवलंबून होती.

आपल्या वर्गातही कमी ऐकू येणारा एखादा विद्यार्थी असेल. पुष्कळदा तो सांगत नाही. मागच्या बाकावर बसून मान डोलवतो, आणि आपण त्याला मंद समजतो. तास बदलल्याची घंटा, ध्वनिक्षेपकावरून दिलेली सूचना, पाठ फिरवून फळ्याकडे पाहत दिलेले व्याख्यान, ह्यांतले त्याच्यापर्यंत काही पोचत नाही. सूचना फळ्यावर लिहावी, बोलताना तोंड वर्गाकडे असावे, शेजाऱ्याने आपली वही त्याच्याकडे सरकवावी. ह्याला अनुदान लागत नाही की ठराव लागत नाही. गुरुजनांना आणि मित्रांना माझी एवढीच विनंती आहे की, ज्याला घंटा ऐकू आली नाही, त्याच्या खांद्यावर हात ठेवून त्याला सांगावे की तास सुरू झाला आहे.